आमच्या सोसायटीतला मूकपट

मी मूकपटांवर पीएचडी करते असं सांगितलं की समोरचा माणूस दोनच प्रश्न विचारतो. एक, "म्हणजे नोकरी कुठे मिळणार?" आणि दुसरा, "त्यात बघायचं काय पण, आवाजच नाही ना?" पहिल्याचं उत्तर माझ्याकडे आजही नाही. दुसऱ्याचं मिळालं ते आमच्या बोरीवलीच्या सोसायटीत, पार्किंगमध्ये घातलेल्या सत्यनारायणाच्या मंडपात, आणि ते माझ्या सासूबाईंमुळे मिळालं. हे लिहितेय ते त्यांच्यासाठी. त्या वाचणार नाहीत म्हणा, चष्मा शोधायचा त्यांना कंटाळा. तरी लिहिते.

सासूबाईंना मी आई म्हणते. तळकोकणातून लग्न होऊन त्या मुंबईत आल्या, सासरे गिरणीत होते, गिरणी बंद पडल्यावर सगळा संसार उचलून बोरीवलीला आला. मी मुलुंडची, नोकरदार घरातली, दहा ते पाचवाल्यांची मुलगी. चाळिशीला टेकल्यावर मी पीएचडीचं काढलं तेव्हा माझ्या माहेरी सगळ्यांनी कपाळाला हात लावला. आता कशाला गं? मुलीची शाळा, घर, कॉलेजातली तुझी ती तासांवरची शिकवणी, त्यात हे नवीन झंझट? नवराही "बघ बुवा, झेपत असेल तर" असं म्हणाला, म्हणजे त्याने हात वर केले. आई तेव्हा भाकरी थापत होत्या. पीएचडी म्हणजे काय हे त्यांना माहीत नव्हतं. त्यांनी मान वर न करता विचारलं, "तुका आवडता मा?" मी हो म्हटलं. "मगे कर गो. मी आसंय."

ते "मी आसंय" त्यांनी अक्षरशः खरं केलं. सकाळचा डबा, मुलीची शाळेची बस, गॅसवाला, पाहुणे, सगळं त्यांनी स्वतःकडे घेतलं. मी वाचत बसले असताना कोणी बेल वाजवली तर दारातच त्याला गप्प करायच्या. नातेवाइकांत सांगायच्या, "आमची सून जुन्या पिच्चरची डॉक्टर होतली." त्यावरून त्यांच्या एका चुलतभावाने मला गुडघेदुखीवर गोळी विचारली होती. मी नाही सांगितल्यावर तो म्हणाला, मग हिचा उपयोग काय? आई त्याच्यावर असल्या उखडल्या की बिचारा चहा न पिता गेला.

मग त्यांचे कान गेले. एकदम नाही, हळूहळू. आधी दारावरची बेल गेली, मग कुकरच्या शिट्ट्या, मग नातीचं बोलणं. डॉक्टरांनी मशीन दिलं. ते लावलं की मिक्सर, पंखा, खालच्या रिक्षा, सगळं एकदम डोक्यात घुसायचं आणि माणसाचं बोलणं तेवढं कळायचं नाही. दोन वेळा बदलून आणलं, तरी तेच. शेवटी ते कपाटात गेलं. संध्याकाळची मालिका त्यांचा जीव की प्राण, तीही सुटली. आम्ही जेवताना हसायचो, त्या आमच्या तोंडांकडे आळीपाळीने बघायच्या आणि "काय? काय जाला?" विचारायच्या. मग नवरा कानाशी जाऊन ओरडून सांगायचा, आणि ओरडून सांगितलेला विनोद कोणाला हसू आणेल? काही दिवसांनी त्यांनी विचारणंच बंद केलं. शेजारणी यायच्या, त्या आईंना वगळून माझ्याशी बोलायला लागल्या. मुद्दाम कोणी करत नव्हतं, तरी होत होतं. मला त्याचा फार राग यायचा आणि करता काही यायचं नाही.

दिवाळीनंतर एकदा त्यांनी जाहीर केलं, शिमग्याला गावी जाणार आणि तिथेच राहणार. नवरा म्हणाला, अगं आई, तिथे तू एकटी, बंद घर, कोण आहे तिथे? त्या म्हणाल्या, "थय कोण बोलणारा नाय, म्हणजे आयकूचा पण नको." नवऱ्याने माझ्याकडे बघितलं. मी ताटं गोळा करायला घेतली. शिमग्याचं एका बाजूचं तिकीट त्यांनी त्याच आठवड्यात त्याला काढायला लावलं. जावं असं त्यांना मनातून वाटत नव्हतं, हे मला दिसत होतं. इथे राहून नसल्यासारखं होणं त्यांना सहन होत नव्हतं. मला त्यांना जाऊ द्यायचं नव्हतं. भाकरीसाठी नाही हो. भाकरी मी शिकलेच असते, वाकड्यातिकड्या का होईना. त्या घरात नसतील तर मला "कर गो" कोण म्हणणार होतं?

माझी स्वतःचीही तेव्हा वाट लागलेली होती. आपल्याकडच्या मूकपटांपैकी फारच थोडे शिल्लक आहेत. बाकीचे जळले, कुजले, रिळांतली चांदी काढायला विकले गेले. माझा प्रबंध ज्यावर उभा होता तो एका सिनेमाचा दहाएक मिनिटांचा तुकडा होता, एका संग्रहालयाने अभ्यासापुरता दिलेला. एक बाई भांडून घरातून निघते, हातात गाठोडं, माडांतून चालत खाडीवर येते. होडी उभी आहे. नावाडी तिच्याकडे बघतो, मान हलवतो. ती हात जोडते. तो पुन्हा बघतो. आणि पडद्यावर पांढरे डाग पसरतात, खलास. पुढची रिळं नाहीत. ती बाई होडीत बसली की नाही हे जगात कोणालाच माहीत नाही.

या तुकड्यातलं एकेक दृश्य मी मोजून, तक्ता करून, त्यावर परदेशी सिद्धांत लावून बसले होते. सिनेमाचा प्रेक्षक म्हणजे कोण, यावर भरपूर जाडजूड लिखाण आहे. त्यातला प्रेक्षक अंधारात गप्प बसतो, पडद्याला खिळतो, स्वतःला विसरतो. माझ्या तिसऱ्या प्रकरणातही तोच बसला होता. माझे मार्गदर्शक सर भले माणूस, पण तोंडाचे फटकळ. त्यांनी ते प्रकरण वाचलं आणि म्हणाले, "बाई, तुमचा प्रेक्षक फारच शहाणा आहे. शेंगदाणेसुद्धा खात नाही. हा मुंबईचा वाटत नाही मला. पुन्हा लिहा." घरी येऊन मी लॅपटॉप उघडला, आणि तो तुकडा परत एकदा लावून नुसती बघत बसले.

आई मेथी निवडायला समोर येऊन बसल्या. त्यांना काही दाखवायचं माझ्या मनातही नव्हतं. जुडी संपली तरी त्या उठल्या नाहीत. बाईच्या भूमिकेत पुरुष आहे हे त्यांनी क्षणात ओळखलं, त्याचं त्यांना काहीच वाटलं नाही. दशावतारात वेगळं काय असतं? तुकडा संपला. म्हणाल्या, परत लाव. परत लावला. मग माझ्या गुडघ्यावर थाप मारून हसल्या आणि म्हणाल्या, "ह्या बरा आसा गो. हय सगळेच भैरे."

त्या दिवसापासून आमचं रोजचंच झालं. दुपारी भाजी घेऊन त्या यायच्या, मी तुकडा लावायची. आणि त्या बोलायच्या! बाईच्या वतीने, नावाड्याच्या वतीने, घरात राहिलेल्या सासूच्या वतीने. "जा, जा, बघतंय किती लांब जातंस." "अरे मेल्या, मान कसली हलवतंस? बाईमाणूस उभी आसा मा!" रोज थोडं बदलायचं. कधी नावाडी चोर, कधी भला. एक दिवस त्यांनी ठरवलं की नावाडी तिचा लहानपणी हरवलेला भाऊ आहे. ऐकू येत नाही म्हटल्यावर आपला आवाज किती मोठा लागतोय हे त्यांना कळत नसे. आमची खिडकी उघडी असली तर खालचा वॉचमनही वर बघायचा.

सव्वीस जानेवारीला आमच्या सोसायटीत सत्यनारायण असतो. सकाळी झेंडा, दुपारी पूजा, संध्याकाळी हळदीकुंकू आणि मग कार्यक्रम. कार्यक्रम म्हणजे पोरांचे नाच आणि एखाद्या काकांचं गाणं. त्या वर्षी गाणाऱ्या काकांचा घसा बसला, आणि सेक्रेटरी माझ्या मागे लागले, वहिनी, तुमचं ते सिनेमाचं काहीतरी लावा ना, पडदा तर आहेच. मी सरांना विचारलं, सरांनी संग्रहालयाची परवानगी मिळवून दिली. म्हणाले, "जरूर लावा. आणि तुम्ही पडद्याकडे बघू नका, लोकांकडे बघा." मी आईंना शेजारी घेऊन बसले. एरवी त्या असल्या कार्यक्रमांना खालीच उतरत नसत. त्यांना म्हटलं, आपला पिच्चर आहे. तेव्हा तयार झाल्या, जरीची साडी नेसल्या.

दिवे गेले, तुकडा सुरू झाला, आणि मागून पहिली आरोळी आली, "आवाऽऽज!"

मी आधी सांगितलं होतं हो, माइकवरून, की हा मूकपट आहे. कोण ऐकतंय? प्रसादाचा शिरा खाण्यात सगळे दंग. "आवाऽऽज! अरे आवाज वाढव!" शिट्ट्या सुरू. स्पीकरवाला बिचारा घाबरून वायरी उपटायला लागला, सेक्रेटरी त्याच्यावर खेकसले, त्याने कुठलंतरी बटण फिरवलं आणि अख्ख्या पार्किंगभर भयानक कुई वाजली. त्यात पडद्यावर अक्षरांची पाटी आली. त्या काळी पाट्या दोन-तीन भाषांत असायच्या. इंग्रजी शाळेतल्या आमच्या पोरांना ते जुनं मराठी भराभर वाचता येईना, म्हणून आया मोठ्याने वाचायला लागल्या. समोरच्या फ्लॅटमधल्या गुजराती भाभी गुजराती ओळ वाचत होत्या. दोन्ही एकमेकींत मिसळत होत्या आणि मागचे अजून "आवाज" करतच होते. मला घाम फुटला. म्हटलं, झालं, लाज गेली.

आईंना यातलं काही म्हणजे काही ऐकू येत नव्हतं. त्यांच्या लेखी आमची दुपार चालू होती. बाई घरातून बाहेर पडली तशा त्या नेहमीसारख्या सुरू झाल्या, नेहमीच्याच आवाजात. "जा, जा, बघतंय किती लांब जातंस!"

पुढच्या दोन रांगा वळल्या. आईंचं लक्ष पडद्यावर. बाई माडांतून चालली, आई तिच्या वतीने सासरच्या सगळ्यांना एकेक करून शिव्या घालत होत्या. कोणीतरी फिस्सकन हसलं. मग अख्खी रांग हसली. मग मागचे म्हणाले, श्शू, काय म्हणतायत काकी, ऐकू दे ना यार! "आवाज" बंद झाला. स्पीकरवाला वायर हातात धरून उभा राहिला. नावाड्याने मान हलवली आणि आई कडाडल्या, "अरे मेल्या!" तर दहा-बारा बायका एका सुरात म्हणाल्या, अरे मेल्या! भाभीसुद्धा. पोरं नावाड्याला ओरडत होती, घे ना तिला, घे ना! मी सरांचं ऐकलं, पडद्याकडे पाठ करून लोकांकडे बघत होते. माझा प्रेक्षक शेंगदाणे नाही, शिरा खात होता. मला रडूच यायला लागलं, आनंदाने. पुस्तकांत वाचलं होतं की जुन्या काळी थेटरात एक माणूस पडद्याशेजारी उभा राहून गोष्ट सांगायचा, लोक बोलायचे, पाट्या वाचायचे. माझ्या प्रबंधात त्याला एक परिच्छेद होता. इथे तो माणूस जरीची साडी नेसून माझ्या डाव्या हाताला बसला होता.

पांढरे डाग आले, दिवे लागले, आणि टाळ्या. आईंनी मागे वळून बघितलं. सगळे त्यांच्याकडेच बघून टाळ्या वाजवत होते. त्यांना काही कळेना. त्या माझ्याकडे बघून हसल्या, मग गोंधळल्या. तेवढ्यात नवरा आला, लाल झालेला. सभ्य आहे तो, पण चार लोकांत कानकोंडा होतो. कानाशी वाकून त्याने सांगितलं, "आई, अगं किती जोरात बोलत होतीस! सगळी सोसायटी ऐकत होती."

आईंचा चेहरा उतरला तो मला आजही दिसतो. "मी इतक्या मोठ्यान बोलत होतंय?" मग माझ्याकडे वळून, "तू माका सांगलंस कित्याक नाय?" मी सांगायला तोंड उघडलं की मला ऐकायचं होतं म्हणून, सगळ्यांना ऐकायचं होतं म्हणून. पण ते तिथे, त्या गर्दीत, कानाशी ओरडून कसं सांगू? त्यांनी पदर घट्ट ओढून घेतला आणि वर निघून गेल्या. रात्री जेवल्या नाहीत. सकाळी उठून बघते तर ट्रंक पलंगाखालून बाहेर काढलेली. शिमग्याला महिना होता अजून. मी नवऱ्याला इतकं बोलले, इतकं बोलले, की तो बिचारा "अगं, मला तसं म्हणायचं नव्हतं गं" म्हणत ऑफिसला गेला. त्याचाही राग मला किती वेळ धरता येणार? आईला कोणी हसू नये, एवढंच त्याच्या मनात होतं.

दुपारी मी लॅपटॉप उघडला, भाजी घेऊन बसले. आई आल्या नाहीत. खोलीत साड्यांच्या घड्या करत होत्या.

चारच्या सुमाराला बेल वाजली. दारात समोरच्या भाभी, मागे खालच्या मजल्यावरच्या दोघीजणी. मला वाटलं, कालचं भांडं न्यायला आल्या असतील. भाभी म्हणाल्या, "वो तो रात को सोई नहीं मैं. मासींना विचारा ना, ती होडीत बसली का?" मी म्हटलं, अहो, पुढची रिळं हरवली आहेत, कोणालाच माहीत नाही. माझं हे वाक्य तोंडपाठ आहे, परिषदांमध्ये मी हेच म्हणते. भाभींनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. त्या मला ओलांडून सरळ आत गेल्या, आईंच्या खोलीच्या दारात उभ्या राहिल्या. त्यांनी ओरडून काही सांगितलं नाही. दोन्ही हातांनी वल्हं मारलं, एकदा, दोनदा. मग डोक्यावर गाठोडं धरल्यासारखं केलं, भुवया वर केल्या आणि तळवे उलटे करून विचारलं. काल रात्री पडद्यावर सगळे जसे बोलत होते तसंच.

आईंच्या हातातली साडी तशीच राहिली. किती महिन्यांनी कोणीतरी त्यांना काहीतरी विचारलं होतं आणि त्यांना "काय?" म्हणावं लागलं नव्हतं. त्यांनी भाभींकडे बघितलं, मग मागच्या दोघींकडे. त्या दोघींनीही वल्हं मारलं, जरा लाजतच. मी आईंच्या कानाशी गेले आणि मोठ्याने म्हटलं, "मी सांगितलं त्यांना, पुढचं रीळ हरवलं म्हणून."

"रीळ हरवला तर हरवला," आई माझ्यावरच डाफरल्या. "गोष्ट खय जातली?"

आणि बाहेर येऊन सोफ्यावर बसल्या. तिघी त्यांच्यासमोर जमिनीवर बसल्या. मी चहा टाकायला आत गेले आणि ओट्याला टेकून मनसोक्त रडून घेतलं. बाहेरून आईंचा आवाज येत होता, तोच, वॉचमनपर्यंत पोचणारा. नावाडी भाऊ निघाला होता. तिघींपैकी एक मध्येच काहीतरी विचारत होती, हातांनी, कारण तिचा आवाज येत नव्हता, फक्त बांगड्या वाजत होत्या.

तिसरं प्रकरण मी त्या आठवड्यात नव्याने लिहायला घेतलं. सरांनी वाचून एवढंच म्हटलं, "हा मुंबईचा." पण त्यासाठी मी आईंचे आभार मानत नाहीये, किंवा मानतेय, पण ते नंतरचं. भाभी दुसऱ्या दिवशी परत आल्या, येताना लिफ्टमधून आणखी कोणाला घेऊन. आता कोणी आईंच्या कानाशी ओरडत नाही. भाव वाढले तर हात असा वर जातो, सुनेचं काही असेल तर नाक मुरडतं, आणि आई खो खो हसतात. परवा नवरा त्यांच्यासमोर येऊन, तोंडाने एक शब्द न काढता, दोन्ही कान धरून उभा राहिला. आईंनी त्याच्या पाठीत धपाटा घातला.

मग त्याला खुणेने जवळ बोलावलं. म्हणाल्या, शिमगो चुकवूचा नाय, देवाची पालखी आसा, मी जातलंय. नवऱ्याने मान डोलावली.

"आणि परतीचा पण काढ रे," आई म्हणाल्या. "पालखी झाली की दुसऱ्या दिवसाचा. हय बायका वाट बघतत."